लेकीच्या घरचं पाणी

आमच्या घोडनदीकाठच्या गावात लघवीला आग व्हायला लागली की ‘उन्हाळी लागली’ म्हणतात. रात्री धणे भिजत घालायचे, सकाळी ते पाणी गाळून खडीसाखरेबरोबर प्यायचं आणि दोन दिवस उन्हात जायचं नाही. झालं. माणूस पुन्हा कामाला लागतो. त्यामुळे उन्हाळीनं माणूस मरू शकतो असं मला कुणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. नव्वदचं दशक संपत आलं होतं तेव्हा माझे वडील त्याच उन्हाळीपायी मरायला टेकले, आणि त्या वेळी जी भीती माझ्या पोटात शिरली ती अजून पुरती निघालेली नाही. आजही कुणी सहज म्हणालं, ‘जरा उन्हाळी लागलीय,’ की मी त्याला भंडावून सोडते. ताप आहे का, थंडी वाजते का, गोळी कुठली घेतली, मध्येच का सोडली? लोक मला टाळतात. टाळू देत.

मी तेव्हा दौंडला होते. नवरा रेल्वेत, मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका, राहायला रेल्वेचं दोन खोल्यांचं क्वार्टर. लग्नाला सात-आठ वर्षं होऊन गेली होती आणि आम्हाला मूल नव्हतं. का नव्हतं, याचा शोध आम्ही पुण्यापर्यंत जाऊन घेतला आणि शेवटी कंटाळून सोडून दिला. हे मुद्दाम सांगते आहे, कारण पुढच्या सगळ्यात तेच आडवं आलं.

आबा, म्हणजे माझे वडील, शिरूरकडे गावी भावाजवळ असायचे. आई जाऊन बरीच वर्षं झाली होती. आमचं घराणं मूळचं मेंढरांवर जगणारं. मी लहान होते तोवर आबा दिवाळीनंतर मेंढरं घेऊन कोकणात उतरायचे आणि पाऊस तोंडावर आला की परत यायचे. पुढे कॅनॉलचं पाणी आलं, ऊस आला, घराला स्लॅब पडला, भाऊ सोसायटीच्या निवडणुका लढवायला लागला. आबांनी मात्र थोडी मेंढरं ठेवलीच. त्यांच्या गळ्यातल्या घंट्यांवरून कुठलं मेंढरू कुठं चरतंय हे ते डोळे मिटून सांगायचे. आम्ही मुलं त्यांना फसवायला घंट्या अदलाबदल करायचो, तर तेही ओळखायचे आणि वर दोन शिव्या हासडायचे.

म्हातारपणी त्यांची लघवी तुंबली. शिरूरच्या डॉक्टरांनी नळी घातली आणि सांगितलं की प्रोस्टेटची गाठ आहे, ऑपरेशन करून टाका. आबा म्हणाले, ऊस तुटून जाऊ द्या. ऊस तुटला, मग गहू काढायला आला, मग भावकीतलं लग्न निघालं. नळी तशीच राहिली. तिला जोडलेली पिशवी धोतराच्या आड लपवून ते मेंढरांमागे बिनधास्त हिंडत राहिले. अधूनमधून ताप यायचा आणि जायचा. कुणी फार मनावर घेतलं नाही.

सकाळची शाळा सुरू झाली होती, म्हणजे मार्च असावा. शाळेतून येऊन मी कुलूप काढते आहे तोवर भावाची जीप दारात उभी राहिली. मागच्या बाकावर घोंगड्यांच्या ढिगाखाली आबा थडथडत होते. बाहेर ऊन असं की जीपच्या पत्र्याला हात लावता येत नव्हता, आणि त्यांचे दात एकमेकांवर आपटत होते. 

भाऊ म्हणाला, ‘आक्का, सकाळधरनं आसंच हाय. मला बी वळखंना झालेत.’

मी घोंगडी बाजूला केली. पिशवीत खाली थोडंसं गढूळ, तांबूस काहीतरी साचलं होतं आणि वास असा होता की मी तोंड फिरवलं. माझ्या पाचावर धारण बसली. आई गेली तेव्हाही मी इतकी घाबरले नव्हते, कारण ती अचानक गेली. इथे माणूस डोळ्यांसमोर होता आणि ‘तू कोण गं?’ असं मलाच विचारत होता.

स्टेशनजवळच्या एका लहानशा दवाखान्यात आम्ही त्यांना नेलं. डॉक्टर मोजकं बोलणारे होते. त्यांनी आधी जुनी नळी काढून टाकली, नवी घातली आणि मग नव्या नळीतून आलेली लघवी तपासणीसाठी बाटलीत घेतली. ‘जुन्या नळीत सगळ्या गावचे जंतू बसलेले असतात. आपल्याला खरा चोर पाहिजे,’ म्हणाले. ही तपासणी तेव्हा दौंडला होत नव्हती. माझ्या नवऱ्यानं ती बाटली थर्मासात बर्फ घालून रेल्वेनं पुण्याला पोचवली. जंतू वाढवून, त्याच्यावर एकेक औषध लावून बघायला वेळ लागणार होता. तोवर डॉक्टरांनी अंदाजानं सलाइनमधून एक औषध सुरू केलं.

ते औषध चाललं नाही. ताप थोडा उतरायचा आणि पुन्हा हुडहुडी भरायची. आबा कोकणातल्या कुठल्या तरी ओढ्यावर मेंढरं उतरवत असल्यासारखे ‘हर्र, हर्र’ करायचे. मी त्यांच्या उशाशी बसून नुसती पिशवीकडे बघायची. त्या दिवसांत माझ्या सगळ्या देवांची जागा त्या पिशवीनं घेतली होती.

रिपोर्ट आला तेव्हा डॉक्टरांनी मला खोलीत बोलावलं नाही, तेच आबांच्या कॉटपाशी आले. कागदावर औषधांची नावं होती आणि बहुतेक सगळ्यांपुढे एकच शेरा होता, लागू नाही.

‘बाई,’ ते मला म्हणाले, ‘यांना आधी कुठली इंजेक्शनं झालीत?’

‘शिरूरला नळी बदलताना झालं असेल एखादं. बाकी गोळ्या.’

‘तेवढ्यानं एवढं होत नाही.’

आबांना त्या दिवशी जरा शुद्ध होती. पडल्या पडल्या त्यांनी हात वर केला. ‘सुई व्हय सायेब? सुई माझी म्याच घेतो की.’

‘कसली सुई, आबा?’ मी विचारलं.

‘मेंढरांची बाटली हाय ना घरी. कणकण आली, खाली जळजळलं, की टोचून घ्यायची. मेंढराला लागू पडती, मला न पडाया काय झालं? कातडं तेवढं येगळं.’

डॉक्टरांनी खुर्ची ओढली. ‘किती दिवस घेता?’

‘दिवस कशाचं? मेंढरू रवंथ कराय लागलं की सुई बंद. बाटली समद्या कळपाला पुरवायची आसती. मला बी भाकरी गोड लागली की म्या बंद करतो.’

हे ते मोठ्या अभिमानानं सांगत होते. मेंढपाळाच्या घरातला हा नियमच आहे. जनावर खायला लागलं की ते बरं झालं, त्याच्यावर आणखी औषध नासायचं नाही. मी लहानपणापासून हे बघत आले होते. पण तोच नियम ते स्वतःलाही लावत असतील हे माझ्या डोक्यात कधीच आलं नव्हतं.

डॉक्टर रागावले नाहीत. त्यांनी आबांना समजेल असं सांगितलं, की दर वेळी सुईनं कमजोर जंतू मेले आणि दांडगे तेवढे राहिले, मग त्या राहिलेल्यांचीच पैदास झाली, आणि पुन्हा तेच. आबा जरा वेळ वर पंख्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, ‘म्हंजी कळपासाठी एडका निवडावा, तसं म्या दांडगं दांडगं निवडून वाढावलं म्हणा की.’

‘अगदी तसं,’ डॉक्टर म्हणाले.

बाहेर व्हरांड्यात डॉक्टरांनी मला उरलेल्या वाटा सांगितल्या. एक गोळी चालण्यासारखी होती, पण ती मूत्राशयापुरतीच. ती रक्तात पुरेशी पोचत नाही, आणि आबांना हुडहुडी भरत होती म्हणजे जंतू वर चढला होता. दुसरं होतं अमिकासिन नावाचं इंजेक्शन. ते लागू होतं. ‘पण मेंढरांच्या त्या बाटलीत जे असणार, त्याचंच हे मोठं भावंड. हे मूत्रपिंडाला त्रास देतं आणि कानाला देतं. त्यांच्या कानांनी आधीच किती सोसलंय कोण जाणे. आणि गेलेला कान परत येत नाही.’

‘आणि तिसरं?’

‘तिसरं पुण्याला. मोठ्या हॉस्पिटलात ठेवून शिरेतून द्यायचं. पण ते शेवटचं आहे, बाई. आत्ताच ते वापरलं आणि जंतू त्यालाही सरावला, तर उद्या ऑपरेशनच्या वेळी माझ्या काय, कुणाच्याच हातात काही उरणार नाही.’

इकडे आड, तिकडे विहीर. मी जवळजवळ ओरडलेच, ‘मला का विचारता डॉक्टर? मी चौथीला शिकवते!’

‘विचारत नाही. ठरवणार मीच. तुम्हाला माहीत असावं म्हणून सांगतोय.’

त्यांनी अमिकासिन ठरवलं. मूत्रपिंडाचा आकडा आधीच जरा जास्त होता, म्हणून डोस हात राखून. रक्त वरचेवर तपासायचं, कानांवर लक्ष ठेवायचं, आणि मुख्य म्हणजे पाणी. आबांसमोर उभं राहून त्यांनी बजावलं, ‘दिवसाला मोठे तीन तांबे पाणी पोटात गेलं पाहिजे. औषध आत साचून राहिलं तर ते तुमचंच मूत्रपिंड खाईल. पाणी प्यायलात तर वाचलात.’

‘पितो की,’ आबा म्हणाले.

दोन-तीन सुयांत ताप पडला. आबा मला ओळखायला लागले, शिव्या द्यायला लागले. आणि ठरल्याप्रमाणे भाकरी गोड लागताच म्हणाले, ‘चला, सुई बंद. गाडी कवाची हाय?’ मी त्यांना असं काही झापलं की शेजारच्या कॉटवरचा पेशंटही उठून बसला. डॉक्टरांनी घरी सोडायचं कबूल केलं, पण गावी नाही. दौंडातच राहायचं, रोज येऊन सुई घ्यायची.

म्हणजे आबा माझ्या घरी राहणार होते. लग्न झाल्यापासून त्यांनी माझ्या उंबऱ्याच्या आत पाण्याचा थेंब घेतला नव्हता. लेकीला लेकरू होईपर्यंत बापानं तिच्या घरचं अन्नपाणी घ्यायचं नाही, अशी आमच्याकडे जुनी रीत. आबा बाजाराला यायचे, ओट्यावर टेकायचे, ‘आत्ताच पिऊन आलो’ म्हणायचे आणि जायचे. मला ते लागायचं. दर वेळी तो न भरलेला पेला मला माझ्या रिकामेपणाची आठवण करून द्यायचा. पण मी कधी बोलले नाही. बापाला काय बोलणार?

जेवणाचा प्रश्न भावानं सोडवला. रोज सकाळी शिरूरहून सुटणाऱ्या एसटीत तो कंडक्टरच्या हाती भाकरी-कालवणाचं फडकं आणि पाण्याची एक छोटी बाटली द्यायचा. न्हावरा, चौफुला, वरवंड करत ते फडकं दुपारी दौंडच्या स्टँडवर पोचायचं आणि मी शाळेतून येताना घेऊन यायची.

‘आणि तेवढ्याशा बाटलीनं काय होतंय?’ मी पहिल्याच दिवशी विचारलं. ‘तीन तांबे पाणी लागतं आबा. रीत पाळायची तर सरळ पुण्याला भरती करते तुम्हाला.’

‘दुखण्याला कसली आलीय रीत? तुझं पानी पितो, बाय. घोर करू नगं.’

माझा जीव भांड्यात पडला. मागच्या अंगणात कढीपत्त्याच्या कुंडीजवळ त्यांची बाज टाकली. मी माठातला पेला भरून द्यायची, ते ओठाला लावायचे, मी आत वळायची. थोड्या वेळानं रिकामा पेला परत. मी मनातल्या मनात मोजत राहायची आणि बरं वाटायचं. पिशवी मात्र मला बघायला मिळायची नाही. लेकीनं बापाची लघवीची पिशवी रिकामी करावी हे त्यांना मरणापेक्षा वाईट. सकाळी माझा नवरा ते काम करायचा आणि दिवसभर ते स्वतःच भिंत धरत मोरीत जाऊन ओतून यायचे.

कानांची तपासणी माझ्याकडे होती. डॉक्टरांनी सांगितलं होतं की बारीक आवाज आधी जातात. म्हणून रोज संध्याकाळी मी बाजेच्या मागे उभी राहायची, हात वर करून हळूच बांगड्या वाजवायची.

‘वाजली?’

‘वाजली.’

या एका शब्दावर माझी रात्र निघायची. खरं सांगते, तो शब्द यायच्या आधीच्या क्षणाला मी इतकी भ्यायची की बांगड्या आपोआपच वाजत असाव्यात.

आणि एका सकाळी रक्ताचा रिपोर्ट बिघडून आला. मूत्रपिंडाचा आकडा वाढला होता. डॉक्टरांनी तो दोनदा वाचला. ‘पाणी पितात ना?’

‘पितात. मी स्वतः देते.’

‘मग एवढा वाढायला नको होता.’ त्यांनी केसपेपर पुढे ओढला. ‘थांबवावं, तर अर्धवट मेलेला जंतू पुन्हा उठेल, आणि या वेळी हेही औषध त्याला लागू होणार नाही. चालू ठेवावं, तर मूत्रपिंड जाईल. परवा पुन्हा रक्त बघतो. आणखी वाढलं तर मात्र पुणे.’

‘आणि पुण्याचंही नाही चाललं तर?’

त्यांनी रक्ताच्या तपासणीची चिठ्ठी लिहून माझ्या हातात दिली. मी घरी कशी आले ते मला आठवत नाही. शाळेत त्या दिवशी गेलेच नाही. दुपारभर भांडी घासत होते, घासलेलीच पुन्हा घासत होते. नवरा ड्यूटीवर होता. आबा मागे बाजेवर शांत बसलेले होते आणि मला ती शांतताच खायला उठली होती.

संध्याकाळ झाली. ऊन माझ्या पाठीवर होतं. मी बाजेमागे उभी राहिले आणि हात वर केला. नेमका पदर बांगड्यांत अडकला. हात वर गेला, पण आवाज काही झाला नाही.

‘वाजली,’ आबा म्हणाले.

मी तशीच उभी राहिले. समोरच्या भिंतीवर माझी सावली पडली होती, हात वर केलेली. मग मी हळूच बाजूला सरकले, जिथून सावली त्यांच्यासमोर पडणार नाही अशा जागी, आणि बांगड्या वाजवल्या. काही नाही. जोरात वाजवल्या. आबा भिंतीकडे बघत वाट पाहत होते. 

‘वाजीव की,’ ते म्हणाले.

मी जिथे होते तिथेच खाली बसले. तोल सावरायला हात टेकला तो कढीपत्त्याच्या कुंडीत, आणि बोटं चिखलात रुतली. पाणी कुंडीतून वाहून खालच्या फरशीवर ओघळलं होतं. दवाखान्याच्या धावपळीत कितीतरी दिवस मी त्या झाडाला पाणी घातलं नव्हतं. आणि कढीपत्ता तर असा तरारला होता, जसा लावल्यापासून कधी तरारला नव्हता.

मला सगळं एकदम कळलं. मी त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले आणि चिखलाचा हात त्यांच्या तोंडापुढे धरला. ‘आबा, हे काय?’

त्यांनी हाताकडे पाहिलं, मग कुंडीकडे. मान खाली घातली.

‘माझं पाणी झाडाला घालता? सगळं? आणि मला खोटं सांगता? अहो, मूत्रपिंड चाललंय तुमचं! कान गेले, ते तरी सांगितलंत का?’

‘कानात रातकिडं वरडत्यात नुसतं,’ ते हळूच म्हणाले. ‘म्हनलं, तू भिशील.’

‘आणि पाणी? रीत मोडेल म्हणून मरणार होता?’

‘रीत गेली चुलीत,’ आबा म्हणाले. ‘तुझी आई सांगायची. लेकरू न झालेल्या लेकीच्या घरचं पानी बापानं तोंडात घेतलं, की तिची कूस कायमची मिटती. दवाखान्यात पीत हुतोच की म्या. पर हितं? आधीच तुझं समदं आसं… माझं काय, पिकलं पान हाय, आज न्हाई तर उद्या गळायचंच. माझ्या एका पेल्यापायी तुझं दार लागलं तर म्या वर जाऊन तिला काय सांगू?’

इतकी वर्षं मला वाटत होतं की तो न भरलेला पेला म्हणजे माझ्यावर ठेवलेला बोल आहे. आणि हा माणूस माझ्यासाठी तहानलेला राहत होता. ताप आणि औषध अंगात घेऊन, तोंडाला पेला लावून, गिळत नव्हता. मला रडू आलं, आणि रडण्यापेक्षाही जास्त राग आला, आणि त्या दोन्हींच्या खाली भीती होती, ती आता उकळत वर आली. परवा रक्त बघणार होते. परवा फार लांब नव्हतं.

मी आत गेले. हात धुतला, माठातला तांब्या भरून आणला, पेला भरला आणि त्यांच्या हातात कोंबला.

‘ऐका,’ मी ओरडून म्हणाले, कारण आता ओरडावंच लागणार होतं. ‘मला लेकरू नाही झालं तर मी जगेन. बाप गेला तर दुसरा कुठून आणू? प्या.’

त्यांनी पेला धरून ठेवला. काठोकाठ भरलेलं पाणी बोटांवर सांडत होतं. त्यांनी एकदा माझ्या पोटाकडे पाहिलं. मला ती नजर सहन झाली नाही, पण मी हलले नाही. मग त्यांनी डोळे मिटले आणि पेला तोंडाला लावला. त्यांच्या गळ्याची घाटी वर-खाली होताना मी बघत होते. एकेक घोट खाली जात होता.

‘उपडा करून दाखवा,’ मी म्हणाले.

त्यांनी पेला उपडा केला. एक थेंब फरशीवर पडला. मी दुसरा भरला.

त्या दिवसापासून पिशवी मीच रिकामी केली. आबांनी लाजून तोंड फिरवायचं आणि मी न लाजता मोजायचं, असा करार झाला. डॉक्टरांना मी सगळं सांगितलं. ते कपाळाला हात लावून म्हणाले, ‘हे आम्हाला कुठल्या पुस्तकात नव्हतं.’ परवाच्या रक्तात आकडा वाढला नव्हता, जिथे होता तिथेच थांबला होता. रिपोर्ट हातात घेतल्यावर मी दवाखान्याच्या पायरीवरच बसले. ‘कान गेले, आता जीव तरी राखू,’ म्हणून डॉक्टरांनी सुया लांबवल्या, दोन सुयांत जास्त अंतर ठेवलं, आणि इतर काही न वापरता ठरलेला कोर्स पुरा केला. पुढे जूनमध्ये पुण्याला ऑपरेशन झालं आणि नळी कायमची निघाली. पुण्याचं ते शेवटचं औषध शेवटपर्यंत लागलं नाही.

आबा त्यानंतर पुष्कळ वर्षं जगले. मेंढरांनाही पुऱ्या सुया द्यायला लागले. मेंढरू रवंथ करत असलं तरी भावाला ओरडायचे, ‘आजून दोन दिस टोच, न्हाईतर दांडगं वाढत्याल!’ पण समोरच्यानं ओरडल्याशिवाय त्यांना काही ऐकू यायचं नाही. डावा कान पार गेला, उजव्यात मोठा आवाज तेवढा शिरायचा. घंट्यांचा आवाज त्यांना पुन्हा कधी आला नाही. मेंढरं ओळखायला ते पाठीवरून हात फिरवायचे.

आणि मला मूल झालं नाही.

ते मला पुण्याच्या डॉक्टरांनी आधीच जवळजवळ सांगितलेलं होतं. त्या पेल्याशी त्याचा काही संबंध नव्हता. पण आबा हिशेब विसरले नाहीत. एकदा, बऱ्याच वर्षांनी, ते असेच दौंडला आले होते. आम्ही ओट्यावर बसलो होतो, शेजारच्या बायका नळावर होत्या. आबांना बहिऱ्या माणसासारखं मोठ्यानं बोलायची सवय झाली होती, आणि आपण किती मोठ्यानं बोलतोय हे त्यांना कळायचं नाही. 

‘बाय,’ ते म्हणाले, ‘त्या पान्यानंच झालं का गं?’

नळावरच्या बायका थांबल्या. मी त्यांच्या कानाशी गेले. ‘नाही, आबा.’

‘आं?’

‘नाही म्हणते! पाण्यानं नाही!’

‘आं? काय म्हंतीस?’

बायका ऐकत होत्या. मोठ्यानं बोलता येईना आणि हळू बोललेलं त्यांना ऐकू येईना. मी उठले, आत गेले, माठातला पेला भरला आणि त्यांच्या हातात दिला. त्यांनी माझ्याकडे पाहत तो सगळा प्यायला. मग न सांगता पेला उपडा करून दाखवला.